खाट रोवणीला गेली

परवा कुडव्याहून एक बाई सुनेला घेऊन माझ्याकडे आली. सून वीस-एकवीसची, गुडघे सुजलेले, तोंड एवढंसं झालेलं. सांध्यांचा ताप हृदयापर्यंत गेला आहे, सहा महिने खाटेवरून पाय खाली ठेवायचा नाही, असं डॉक्टरांनी तिला सांगितलं होतं. मीही यातून गेले हे कुणाकडून तरी कळलं म्हणून त्या आल्या. सासूनं मला एकच विचारलं, की सहा महिने खाटेवर माणूस करतो तरी काय.

मला एवढं सांगायचं होतं की कुठून सुरू करू ते कळेना. मी बोलायला लागले की उतारावरच्या बैलगाडीसारखी थांबत नाही, हे गावात सगळ्यांना ठाऊक आहे. ती पोर बिचारी ऐकून ऐकूनच दमली. म्हणून त्या गेल्यावर माझ्या मुलीची, कुंदाची, एक वही मागून घेतली आणि लिहायला बसले. शिक्षण माझं चौथीपर्यंतचं. औषधांची नावं मला येत नाहीत, ती डॉक्टरांना विचारा. मी खाटेचं सांगते.

पायाला भिंगरी

आधी मी कशी होते ते सांगते, नाहीतर पुढचं कळायचं नाही. मला सुखी व्हायची भारी घाई होती. माहेरी असताना वाटायचं, लग्न झालं की झालं. लग्न होऊन मुर्रीला आले तर वाटलं, लेकरू झालं की झालं. कुंदा झाली. मग वाटलं, घरावरचं गवत जाऊन कवेलू चढले की आणखी काही नको. कवेलू चढले, मी अंगणात उभी राहून मान दुखेपर्यंत वर पाहिलं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी माझी नजर गोठ्याच्या गवताकडे गेली.

सासूबाई म्हणायच्या, हिच्या पायाला भिंगरी आहे. खरंच होती. सुख नेहमी पुढच्या वळणावर दिसायचं आणि मी धावत सुटायचे.

फक्त रोवणीच्या दिवसांत मी असं काही करत नसे. धानाची रोपं बांधीतल्या, म्हणजे पाणी भरलेल्या वाफ्यातल्या, चिखलात रोवताना गुडघ्यापर्यंत पाय आत, वर पाऊस, शेजारी बायकांची गाणी. तेव्हा मला ना कवेलू आठवत, ना गोठा. माझा हात सगळ्यांत चालता होता, माझी ओळ सरळ जायची आणि गाणंही मीच उचलायचे. पण हेच सुख आहे असं मला कुणी सांगितलं नव्हतं. मी त्याला काम समजायचे.

डॉक्टरांनी ऐकलं ते

स्वातंत्र्य मिळून पाच-सहा वर्षं झाली असतील. माघात ताप आला, मग गुडघा सुजला. चार दिवसांनी गुडघा बरा आणि कोपर सुजलेलं. सगळे म्हणाले, वर्षानुवर्षं पाण्यात उभी राहते, वात धरला. निरगुडीचा पाला बांधला, शेक दिला. होळीच्या आदल्या दिवशी विहिरीवर दोर ओढताना मला श्वासच पुरेना. भरलेली बादली हातातून सुटून आत गेली आणि मी तिथंच काठावर बसले.

कुंदाच्या बाबांनी गाडी जुंपली. ते फार कमी बोलणारे. आमच्या घरात त्यांच्या वाट्याचं मीच बोलत असे. गोंदियाच्या दवाखान्यापर्यंत ते बैलांशीसुद्धा बोलले नाहीत.

डॉक्टर हिंदी बोलणारे, उंच, घाईतले. त्यांनी नळी छातीला लावली आणि त्यांची घाई एकदम संपली. खूप वेळ ऐकत राहिले. मला तेव्हाच भीती वाटली. घाईतला माणूस उगाच थांबत नाही. मग ते माझ्याशी न बोलता माझ्या नवऱ्याकडे वळले.

"पलंग से नीचे पाँव नहीं रखना. छह महीना. पाँव नीचे रखा तो दिल नहीं बचेगा."

मी बोटांवर मोजलं. होळी ते पोळा. म्हणजे रोवणी गेली! खरं सांगते, जिवासाठी रडायच्या आधी मी रोवणीसाठी रडले. डॉक्टरांना वाटलं, बाईला दुखतंय. कुंदाच्या बाबांनी एवढंच केलं की डॉक्टरांचं वाक्य हळूच पुन्हा म्हणून पाहिलं. पलंगाच्या खाली पाय नाही. सहा महिने. बाजारातून काय आणायचं ते विसरू नये म्हणून माणूस घोकतो तसं.

लोखंडी खाट

दवाखान्यात मी सात आठवडे होते. पहाटे फरशी पुसायची, मग सुया उकळायचा वास, मग इंजेक्शन, मग सिस्टर पायथ्याशी टांगलेल्या कागदावर तापाची रेघ काढायची. रेघ खाली आली की आम्ही आजूबाजूच्या खाटांवरच्या बायका एकमेकींचं अभिनंदन करायचो. माझी रेघ एकदा सलग तीन दिवस खाली आली तेव्हा शेजारच्या खाटेवरच्या रुखमाबाईनं माझ्यासाठी टाळ्या वाजवल्या होत्या. ती बिडी वळणारी. पोटाच्या दुखण्यानं आली होती. हातात काम नाही म्हणून दिवसभर चादरीचा कोपरा वळायची आणि स्वतःलाच हसायची, की बोटं ऐकूनच नाही राहिली.

भीती वाटायची ती दुपारी. सगळं शांत झालं की उशीतून माझ्याच हृदयाचे ठोके ऐकू यायचे. एखादा चुकला की मी पुढच्याची वाट पाहायचे. कुणी विचारलं तर सांगायचे, झोप येत होती. आता सांगते, मी मरणाला घाबरत होते आणि ते सांगायची लाज वाटत होती. रुखमाबाईला एकदा सांगितलं, तर ती म्हणाली, तिलाही वाटते. दोघींनी मिळून घाबरायला लागल्यावर दुपार जरा लहान झाली. कुडव्याच्या पोरी, हे ऐक. भीती कुणाला तरी सांगून टाक.

आणि मीठ! मीठ बंद होतं. जिभेला चव नाही म्हणजे काय ते मीठ सुटल्यावर कळतं. स्वप्नात मी वाळवलेला आंबा आणि मीठ खायचे आणि जागी झाले की ओठ चाटायचे.

सासूबाईंची भाजी

वैशाखात मला घरी आणलं, चौघांनी उचलून, खाटेवरून खाटेवर. पाय खाली नाहीच. आता सगळंच खाटेवर. सगळंच म्हणजे सगळंच, समजून घ्या. सासूबाई ते करायच्या आणि करताना तोंडाचा पट्टा चालू ठेवायच्या. सुनेनं सासूचं करायचं की सासूनं सुनेचं, हे त्या दिवसातून दहादा भिंतीला विचारायच्या. मी भिंतीकडे तोंड करून पडायचे.

कुंदा चार वर्षांची. सात आठवड्यांत ती आजीजवळ निजायला शिकली होती. मी हाक मारली तर दारात उभी राहून पाहायची, जवळ यायची नाही. ते मला सुईपेक्षा जास्त टोचलं.

एक दिवस माझी अळणी भाजी मी ताटात ढकलत होते. कुंदा दारातूनच म्हणाली, "आजी बी तुह्यावानीच खाते. तिच्याही भाजीत मीठ नाई राहत."

मी सासूबाईंकडे पाहिलं. त्या म्हणाल्या, दोन भाज्या वेगवेगळ्या करायला त्यांना काय दोन जन्म आहेत! पण घरात बाकीच्यांसाठी मिठाची भाजी रोज व्हायचीच. मी ती भाजी ताट पुसून खाल्ली. आजवर खाल्लेल्या कुठल्याही भाजीची चव मला इतकी आठवत नाही.

आत्याबाई येतात

आषाढ लागला. शेतं पाण्यानं भरली आणि घरात दोन हात कमी पडायला लागले. तेव्हा सासऱ्यांची बहीण, माझी आतेसासू, सडक अर्जुनीहून आली. आत्याबाई मनाच्या वाईट नाहीत. पण त्यांच्या पोटात काही राहत नाही. त्या माझ्या खाटेपासून चार हातांवर बसल्या आणि मी ऐकत असतानाच भाच्याला म्हणाल्या, "पोट्टी माह्या पाहण्यातली आहे. कामाले खंबीर. इले टाकून दे म्हून कोणी नाई म्हनून राहिलं. इलेही खाऊ घाल. पण घराले हात पायजेत ना बाप्पा."

तेव्हा दुसरी करायला कायद्याची आडकाठी नव्हती. गावात अशी दोन घरं होती. मी पहिलीचं काय होतं ते पाहिलं होतं. तिला खायला मिळतं, पण तिला कुणी काही विचारत नाही.

कुंदाचे बाबा उठून गेले. आत्याबाई म्हणाल्या, तीन दिवस थांबते, विचार करू दे.

ते तीन दिवस मी कसे काढले ते माझं मलाच ठाऊक. मी त्यांच्याशी बोलून पाहिलं, भांडून पाहिलं, रडून पाहिलं. ते कुऱ्हाड घेऊन सकाळी जायचे आणि दिवस कलल्यावर यायचे. आयुष्यात पहिल्यांदा मला पुढचं काहीच नको होतं. ना कवेलू, ना गोठा. हीच खाट, हाच कोपरा, हीच अळणी भाजी माझी राहू दे, एवढंच देवाला मागत होते. माझी मलाच गंमत वाटली पाहा! ज्या घरात मला रोज काहीतरी कमी दिसायचं, त्यातलं आता काहीही सोडवत नव्हतं.

हिरवे बांबू

तिसऱ्या दिवशी ते दोन लांब हिरवे बांबू खांद्यावर घेऊन आले आणि अंगणात टाकले. सोबत अंबाडीची दोरी.

आमच्याकडे हिरवा बांबू आणि दोरी अंगणात एकत्र कधी येतात ते कुणाला सांगायला नको. सासूबाईंच्या हातातलं सूप खाली पडलं. आयुष्यभर मुलाला कधी मारलं नसेल, पण त्या दिवशी त्याच्या पाठीत धपाटा घातला. "घरात जितं माणूस आहे. आंगनात बांबू आनले कायले?"

ते वाकून दोरी सोडवत राहिले. मग म्हणाले, "डाक्टरनं खाट सोडू नको म्हनलं. घर सोडू नको असं नाई म्हनलं. उद्यापासून रोवणा आहे."

कुणालाच काही कळलं नाही. मला सगळ्यांच्या आधी कळलं. मी खाटेवर बसल्या बसल्या हसायला लागले, इतकी की सासूबाई माझी छाती धरायला धावल्या. कुंदाच्या बाबांनी माझ्या खाटेच्या दोन्ही अंगांना बांबू आवळून बांधले, हलवून पाहिले, पुन्हा आवळले. मी विचारलं, तीन दिवस काऊन बोलले नाहीत. ते म्हणाले, सरळ बांबू सापडत नव्हता.

मग ते आत्याबाईंकडे वळले. इतकं लांब बोलताना मी त्यांना त्याआधी कधी ऐकलं नव्हतं.

"आत्या, बायको माह्यापाशी आहे. मले खाट उचलाले आनखी तीन माणसं पायजेत. तुह्या पाहण्यात असतील तं सांग."

खाटेची वाट

सासूबाईंनी अट घातली. निजून जायचं नाही, बसून जायचं. निजलेल्याला वाटेवर लोक हात जोडतात. म्हणून मी पाठीशी गोधड्यांचा ढीग घेऊन बसले, कपाळाला मोठं कुंकू, हातात छत्री, आणि शेवटच्या क्षणी कुंदा स्वतःहून खाटेवर चढून माझ्या मांडीत बसली. मुर्रीतल्या कुणा नवरीची वरात एवढ्या थाटात निघाली नसेल!

तरी व्हायचं ते झालंच. नाल्याजवळ एक म्हातारा समोरून आला. खांद्यावर खाट पाहिली, टोपी काढली, डोळे मिटले आणि हात जोडले. मी छत्री बाजूला केली.

"रामराम, बुढाजी. मी जितीच आहो. रोवण्याले जाऊन राहिली."

त्यानं डोळे उघडले आणि टोपी तिथंच चिखलात टाकून दोन पावलं मागे सरला. खाट उचलणारे चौघे हसता हसता मला पाडायच्या बेतात आले. कुंदाच्या बाबांचे खांदे मी मागून पाहत होते, तेही हलत होते.

खाट आंब्याखाली, बांधीच्या उंच कडेला ठेवली. वर पळसाच्या पानांचं छप्पर. आणि समोर माझी शेतं! चार महिन्यांनी पाहत होते. पलीकडच्या पाण्यात सारसाची जोडी उभी होती. बायका रांगेत वाकल्या आणि मी पहिल्यांदा रोवणी कडेवरून पाहिली. चिखलात असताना फक्त स्वतःची ओळ दिसते. इथून सगळं हिरवं कसं एकेक हात पुढे सरकतं ते दिसत होतं. हातांबद्दल डॉक्टर काही बोलले नव्हते, म्हणून रोपांच्या पेंड्या सोडवून द्यायचं काम मी मागून घेतलं. गाणं उचलायला मला मनाई होती. बायकांनी सुरुवातच चुकीची केली, तेव्हा मी कडवं नुसतं सांगितलं.

दुपारी कुंदा माझ्या मांडीवर झोपली होती, तिच्या केसांना चिखलाचा वास येत होता. आणि मला कळलं की मी सुखी आहे. तेव्हाच, त्याच घटकेला कळलं. मी इतकी दचकले की लगेच मनात आलं, पुढच्या वर्षी पायावर उभी राहीन तेव्हा तर... मी मनाला म्हटलं, गप बस. ते गप बसलं नाही, आजही बसत नाही. पण तेव्हापासून मला त्याची खोड ओळखू येते.

चिखल वर आला

खाट रोज जायची. रोवणी आटोपते त्या दिवशी आमच्या गावात बायका मालकाला आणि मालकिणीला चिखल लावतात. मालक पळतो, त्याला धरून आणतात, मग सगळ्यांना गोडाचं जेवण. मालकीण मात्र पळू शकत नव्हती.

बायका ओंजळी भरून माझ्या खाटेभोवती उभ्या राहिल्या आणि थांबल्या. हिला लावावा की नाही? सगळ्या सासूबाईंकडे पाहायला लागल्या. सासूबाईंनी स्वतः बांधीत वाकून दोन मुठी चिखल उचलला, माझ्या खाटेवर बसल्या, माझे पाय मांडीवर घेतले आणि टाचेपासून घोट्यापर्यंत लिंपले.

"पाय खाली नाई गेला," त्या म्हणाल्या. "पाहून घ्या सारे जण."

मी सासूबाईंच्या गळ्यात पडून रडले. त्यांनी मला ढकललं नाही.

पोळ्यानंतर

सहा महिने भरले. गाडीवर खाट, खाटेवर मी, असे आम्ही दवाखान्यात गेलो. डॉक्टरांनी आधी पाय पाहिले. घोट्यावर सूज आहे का ते दाबून पाहिलं. मग त्यांचं बोट टाचेच्या भेगेवर थांबलं. चिखल कितीही धुतला तरी भेगांतून आणि नखांतून जात नाही. त्यांचा चेहरा लाल झाला.

"पाँव नीचे नहीं रखा, तो ये मिट्टी कहाँ से आई?"

ते म्हणाले, पुन्हा सहा महिने. त्यांनी छाती ऐकायलाही नळी उचलली नाही. एवढी बोलणारी मी, पण तोंडातून शब्द फुटेना.

तेव्हा कुंदाचे बाबा पुढे झाले. हात जोडून, मोडक्या हिंदीत म्हणाले, "साहब, पाँव नीचे नहीं गया. मिट्टी ऊपर आई."

आणि मग त्यांनी सगळं सांगितलं. बांबू, दोरी, नाल्यावरचा म्हातारा, पेंड्या, सासूबाईंच्या दोन मुठी. डॉक्टर ऐकत राहिले. मधेच त्यांनी सिस्टरला हाक मारली आणि पुन्हा पहिल्यापासून सांगायला लावलं. शेवटी ते खुर्चीत बसले आणि म्हणाले, पलंग म्हणजे आराम, भाई, पलंग म्हणजे आराम! आणि डोळे पुसेपर्यंत हसले.

मग नळी लावली. पहिल्या दिवसाइतकाच वेळ ऐकत राहिले. मी श्वास रोखून धरला होता, तर म्हणाले, श्वास घे बाई, नाहीतर ऐकू काय?

नळी काढून ते म्हणाले, "उतरो."

फरशी थंड होती. दोन्ही पाय थरथरत होते. मी चार पावलं चालले आणि कुंदाच्या बाबांचा सदरा धरला.

तिसऱ्या वर्षी

त्यानंतर दोन वर्षं मी जपून होते. तिसऱ्या वर्षी डॉक्टरांनी बांधीत उतरायची मोकळीक दिली, ओझं मात्र उचलू नको म्हणाले. पुढचं त्यांनी वाचू नये.

त्या रोवणीला आत्याबाई आल्या. आता त्यांचे गुडघे धरले होते. सगळे शेतावर जाणार आणि आपण एकट्या घरी, म्हणून दारात तोंड पाडून बसल्या. बांबू माळ्यावर होते, वाळून पिवळे झालेले. कुंदाच्या बाबांनी ते काढले आणि न बोलता खाटेला बांधले. आत्याबाई नाही नाही म्हणत खाटेवर बसल्या, छत्रीही मागून घेतली.

उचलायला तिघेच होते. चौथा शेजारी बाजाराला गेलेला.

आत्याबाई म्हणाल्या, "राहू द्या बाप्पा. चौथा कोन आहे आता?"

मी पदर खोचला आणि मागच्या बांबूखाली खांदा दिला. नाल्यापर्यंतच नेलं मी, पुढे शेजारी धावत आला. पण तेवढा वेळ माझं हृदय बांबूला टेकून धडधडत होतं आणि मी त्यातला एकही ठोका मोजला नाही.